मयूरा घरी नाही

२ नोव्हेंबर, रविवार

मयूरा आली. विमान दोन तास उशिरा आणि क्रिकेटची बॅग एवढी की गाडीची अर्धी सीट पाडावी लागली. उरलेल्या अर्ध्या सीटवर मी, विमानतळापासून पॉइंट कुकच्या आमच्या घरापर्यंत बॅटच्या दांड्याला धरून.

लताताईची ही एकुलती एक. लेस्टरला जन्मली, वाढली, आता सव्वीस वर्षांची. ती इंग्लंडकडून खेळते असं मी इथल्या मराठी मंडळात सगळ्यांना सांगून ठेवलंय. किती सामने खेळली असं कुणी विचारलं की मी चहा टाकायला उठते, कारण मला माहीत नाही. मार्चपर्यंत ती इथल्या एका क्लबकडून खेळणार आणि आमच्याकडे राहणार. तिला आमच्या सिद्धार्थची खोली दिली. तो नोकरीला कॅनबेराला गेल्यापासून दर शुक्रवारी ती खोली मी नुसतीच झाडत होते.

विमानातल्या एसीने तिला खोकला झालाय. मी पुण्याहून आणलेलं औषध काढलं, तर तिने बाटली फिरवून फिरवून वाचली, फोटो काढला आणि परत दिली. "सॉरी मावशी, मला हे नाही चालणार." माझ्या हातचं औषध पारखून परत करणारी ही पहिलीच. मला राग आला.

संध्याकाळी गराजमध्ये बॅग लावताना माझ्या नवऱ्याशी, गुरुदत्तशी, बराच वेळ बोलत होती. काय म्हणाली विचारलं, तर म्हणाला, "काही नाही गं, सकाळचं काहीतरी. लवकर उठते म्हणे."

६ नोव्हेंबर, गुरुवार

एक गोष्ट मला कळत नाही. ही मुलगी रोज पावणेसहाला गजर लावून उठते आणि मग काहीच करत नाही. पळायला जात नाही, व्यायाम नाही. सोफ्यावर पाय घेऊन बसते आणि सात वाजले की परत जाऊन झोपते. आज विचारलं, "कुणाची वाट बघतेस का?"

"सॉर्ट ऑफ," म्हणाली आणि हसली.

शिवाय रात्री जेवण झालं की फोनमध्ये उद्या आपण कुठे असणार ते भरते. मी मागून पाहिलं. आमचा पत्ता होता, घराच्या नंबरासकट. खाली वेळ, सहा ते सात. आपण कुठे आहोत हे एखाद्या मुलीने रोज कुणाला कळवावं, असा कोण लागून गेलाय?

१५ नोव्हेंबर, शनिवार

आज तिची मॅच पाहायला गेले. खुर्ची, टोपी, डब्यात थालीपीठं. खाडीवरून वारा असा की थालीपीठाच्या फॉइलने उडून थेट मैदानात धाव घेतली आणि अंपायरने मॅच थांबवली. मयूराने ती उचलून आणली आणि तिच्या कॅप्टनला सांगितलं, "दॅट्स माय मावशी." मला लाज वाटायला हवी होती, पण बरं वाटलं.

ती बोलिंग टाकते, बॅटिंगही करते. दोन्ही करणाऱ्याला ऑलराउंडर म्हणतात हे मला माहीत होतं, पण आज पाहिल्यावर समजलं, की ऑलराउंडर म्हणजे जिला बसायला मिळत नाही ती. बाकीच्या मुली आळीपाळीने सावलीत होत्या. ही नाही.

परत येताना फ्रीवेवर मी विचारलंच. इंग्लंडकडून किती खेळलीस?

"तीन वनडे. एकवीस वर्षांची होते. नाइन्टीन रन्स, टू विकेट्स. मग ड्रॉप. मग शोल्डरचं ऑपरेशन. मग कोविडसारखं सगळं शांत," म्हणाली. "आता परत माझं नाव चर्चेत आहे, मावशी. जानेवारीत टीम अनाउन्स होणार. आता नाही झालं तर मग नाही होणार."

इंग्लंडची टोपी ती प्लास्टिकच्या पिशवीत घालून बॅगेच्या तळाशी ठेवते. सव्वीस वर्षांची मुलगी, लग्न नाही, पक्की नोकरी नाही आणि जवळ काय, तर टोपी. हे मी तिला बोलले नाही. इथे लिहून ठेवते, म्हणजे तोंडातून निसटणार नाही.

२९ नोव्हेंबर, शनिवार

लताताईचा फोन. ताई फोन करते तो काम असलं की. डॉक्टर झाल्यापासून ती आमच्याशीही पेशंटसारखीच बोलते. म्हणाली, "लक्ष ठेव गं तिच्यावर. इथे एक मुलगा होता. सोडलं त्याला म्हणते, पण त्याने फार त्रास दिला. हिने त्याच्यामुळे घर बदललं."

म्हणजे माझी शंका खरी. रोज पत्ता कळवायचा, सहा ते सात हजर राहायचं, औषधसुद्धा विचारल्याशिवाय घ्यायचं नाही. त्या मुलाने एवढ्या लांबूनही मुठीत ठेवलंय तिला. मी गुरुदत्तला म्हटलं. तो मीटिंगमध्ये होता, म्हणाला, "हं."

मी तिला थेट विचारावं का? विचारलं आणि ती दुसरीकडे राहायला गेली तर? या घरात चार आठवड्यांपासून कुणीतरी जिने धडधडत उतरतंय. मला परत शुक्रवारी रिकामी खोली झाडायची नाही.

१४ डिसेंबर, रविवार

आज मी एक चांगलं काम केलं, ते सविस्तर लिहिते.

काल एकोणचाळीस डिग्री होतं. मयूराने त्या उन्हात दहा ओव्हर टाकल्या आणि वर चौसष्ट रन काढले. घरी आली ती जेवता जेवता पेंगली. खांद्याला बर्फाची पिशवी बांधून झोपली. तिचा फोन मी स्वयंपाकघरात चार्जिंगला लावला. सकाळी पावणेसहाला गजर वाजला तो बंद केला. एक दिवस झोपू दे पोरीला. झोपलेल्या माणसाला उठवू नये, हे बाबांचं वाक्य आम्ही दोघी बहिणी लहानपणापासून पाळत आलोय.

सहा वाजून सात मिनिटांनी बेल वाजली. ओव्हनवरचं घड्याळ मी पाहिलं. जाळीच्या दाराबाहेर चाळिशीचा एक पुरुष आणि एक बाई. गळ्यात कार्डं होती, त्याने दाखवलंही, पण माझा चष्मा आत होता. "इज मयूरा होम?" अगदी गोड आवाजात.

काय काम आहे विचारलं, तर म्हणे तिच्याशीच बोलायचंय. रविवारी सकाळी सहाला, घरच्या बाईला न सांगता, मुलीशीच बोलायचंय. मी ओळखलं, इंग्लंडहून माग काढत आलाय. तोच. बाई बहुधा त्याची बहीण असावी, समजूत काढायला आणलेली.

मी म्हटलं, "शी इज नॉट हिअर. ती काल इंग्लंडला गेली."

माझा आवाज जरासुद्धा हलला नाही. सदाशिव पेठेत बाबा आत पलंगावर असताना 'बाबा घरी नाहीत' हे लताताई आणि मी विमा एजंटपासून मामांपर्यंत सगळ्यांना सांगितलेलं आहे. इतक्या वर्षांनी ते कामाला आलं.

ती दोघं गेली नाहीत. समोर पांढऱ्या गाडीत बसून राहिली. मी वर जाऊन मयूराच्या खोलीत डोकावले. तोंड उघडं, एक पाय पांघरुणाबाहेर, बर्फाचं पाणी होऊन उशी भिजलेली. सिद्धार्थ असाच झोपायचा. सातला पाच कमी असताना तिच्या फोनवर अनोळखी नंबर आला, तो मी कापला. मग परत बेल वाजली, मी उघडलं नाही. सातला गाडी गेली.

नऊला ती धावतच खाली आली. चेहरा पांढराफटक. "मावशी, माझा फोन? कोणी आलं होतं का?"

"कुणी नाही," मी म्हटलं. ती जिन्यावरच बसली आणि मोठा श्वास सोडला. मग तीन थालीपीठं खाल्ली.

दुपारी यामिनीकडे मंडळाची मीटिंग. श्रीखंड घरी केलं म्हणाली, विकतचा डबा मी तिच्या कचऱ्याच्या बिनमध्ये पाहिला.

आणखी एक लिहायचं आहे, खरं तर नाही लिहायचं. ताई म्हणते देवाकडे प्रार्थना कर, जानेवारीत तिची निवड होऊ दे. मी देवासमोर उभी राहते आणि ते शब्द माझ्या तोंडून निघत नाहीत. निवड झाली तर ती जाईल.

१८ डिसेंबर, गुरुवार

कालपासून मयूरा जेवत नाही. फोन पालथा ठेवते. डोळे सुजलेले. त्या मुलाला कळलेलं दिसतंय की ही आता त्याच्या हाताशी नाही, आणि हिला वाईट वाटतंय. वाटू दे. चार दिवस रडेल, मग सुटेल. मी साबुदाण्याचे वडे केले. तिने एक घेतला आणि माझ्याकडे पाहत राहिली. मी काहीतरी म्हणावं असं तिला वाटत होतं. मी दही वाढलं.

२० डिसेंबर, शनिवार

आज मॅच होती. मयूरा गेली नाही.

गुरुदत्तने मला बोलावलं. टेबलावर लॅपटॉप, समोर मयूरा. तो माझ्याशी ऑफिसातल्या माणसासारखा बोलला. "सुचित्रा, मागच्या रविवारी सकाळी दारावर कोण आलं होतं?"

मी सांगितलं. थोडं अभिमानानेच सांगितलं.

ते उत्तेजक औषधं तपासणारे सरकारी लोक होते. मोठ्या खेळाडूंना रोजचा एक तास आधी कळवावा लागतो, की या वेळेत मी इथे सापडेन. तपासणारे न सांगता येतात. खेळाडू सापडला नाही की एक खूण. बारा महिन्यांत तीन खुणा झाल्या की दोन वर्षं बंदी, औषध घेतल्यासारखीच. मयूराच्या दोन आधीच होत्या. एक, त्या मुलामुळे घाईत घर बदललं तेव्हा पत्ता बदलायचा राहिला. दुसरी, विमान चुकलं. तिसरी मी.

बुधवारी आलेल्या ईमेलमध्ये स्वच्छ लिहिलंय. पत्त्यावरील महिलेने सांगितलं की खेळाडू आदल्या दिवशी इंग्लंडला गेली. फोन उचलला नाही. पूर्ण तास थांबलो.

मी मयूराला म्हटलं, "मला का नाही सांगितलंस गं?"

"काकांना सांगितलं होतं. पहिल्याच दिवशी, गराजमध्ये. सिक्स टू सेव्हन कोणीही आलं तर प्लीज दार उघडा. मला वाटलं, काकांना सांगितलं म्हणजे तुला सांगितलं."

गुरुदत्त टेबलाकडे बघत होता. "तिने सांगितलं होतं," म्हणाला. "मी नो वरीज म्हटलं आणि विसरलो."

"आणि बुधवारपासून तू गप्प का?" मी विचारलं.

"आय वॉज वेटिंग," ती म्हणाली. "मला वाटलं तू सांगशील."

करायला गेले एक आणि झालं भलतंच, असं लिहून मोकळं होता येत नाही. दारावर खोटं बोलले ते ओळखलं नाही म्हणून. पण तिच्या तोंडावर 'कुणी नाही' म्हणाले, ते कशासाठी?

२१ डिसेंबर, रविवार

लताताईचा फोन आला. मी घरी नाही म्हणून गुरुदत्तला सांगायला लावलं.

२३ डिसेंबर, मंगळवार

मयूराला दोन आठवड्यांत खुलासा द्यायचाय. ती घरीच होती याचा पुरावा काय? मी शपथेवर सांगेन म्हटलं. गुरुदत्त म्हणाला, "तू एकदा सांगितलंयस. तेच तर त्यांच्याकडे लिहून आहे."

बेलला कॅमेरा नाही. शेजारचे क्वीन्सलँडला गेलेले. दोघं हताश होऊन बसली होती आणि मला ही वही आठवली. वही डाळींच्या ड्रॉवरमध्ये असते, तिथे गुरुदत्तचा हात आयुष्यात गेलेला नाही. एकवीस वर्षं मी लिहितेय आणि कुणालाही एक ओळ वाचू दिलेली नाही.

मी सांगितलं. त्या दिवशीचंच लिहिलंय, वेळेसकट, सहा वाजून सात मिनिटं, उशी भिजलेली, सगळं.

"वाचून दाखव," मयूरा म्हणाली. तिला मराठी वाचता येत नाही.

मी सुरुवात केली. थालीपीठांपर्यंत ठीक. मग म्हटलं, पुढे मंडळाचं आहे. ती म्हणाली, "ऑल ऑफ इट, मावशी. ते पूर्ण पान मागणार. मला आधी माहीत हवं."

श्रीखंडाला ती हसली, इतक्या दिवसांत पहिल्यांदा. मग देवासमोरचा भाग आला. मी तो वगळू शकले असते, तिला कळलं नसतं. एकदा 'कुणी नाही' म्हणून झालेलं होतं. मी वाचला. निवड झाली तर ती जाईल, इथपर्यंत.

गुरुदत्त उठून बाहेर गेला.

"म्हणून पाठवलंस त्यांना परत?" तिने विचारलं.

मी नाही म्हटलं. मग म्हटलं, मला माहीत नाही. मला वाटलं तो मुलगा आहे. खरंच वाटलं. पण चष्मा दोन पावलांवर होता, टीव्हीपाशी, आणि मी तो आणायला गेले नाही. का गेले नाही हे मी गेले तीन दिवस स्वतःला विचारतेय आणि दर वेळी वेगळं उत्तर येतंय.

तिने वही माझ्या हातातून घेऊन मिटली. मग म्हणाली, "त्या मुलाला मी मेमध्येच सोडलं. तू विचारलं असतंस तर सांगितलं असतं." आणि खोलीत गेली. दार आपटलं नाही. आपटलं असतं तर बरं झालं असतं.

९ जानेवारी, शुक्रवार

पानाचं इंग्रजी भाषांतर मान्यताप्राप्त माणसाकडून करून हवं होतं. गुरुदत्तने यादी शोधली. आमच्या भागात एकच नाव निघालं. यामिनी.

मी स्वतः घेऊन गेले. तिने चष्मा लावला, पान वाचलं, श्रीखंडापाशी थांबली, मग शेवटपर्यंत वाचलं. मला वाटलं आता पुढची दहा वर्षं मंडळात तोंड दाखवायला नको. ती म्हणाली, "वेलची आणि केशर मी घातलं होतं हं." मग म्हणाली, "माझी निहारिका लंडनला गेली तेव्हा मीही देवाला असंच काहीतरी म्हटलं होतं. लिहून ठेवलं नाही, एवढंच." शब्द न् शब्द तसाच ठेवून तिने भाषांतर केलं. मी यामिनीला ओळखते असं मला वाटत होतं.

आज इंग्लंडची टीम जाहीर झाली. मयूराचं नाव नाही. प्रकरण लोंबकळत असताना कोण घेणार? तिने यादी दोनदा वाचली, मग मैदानावर जाऊन एकटीने स्टंपवर बॉल टाकत बसली. मी गाडीत बसून पाहिलं. दर सहा बॉलनंतर ती चालत जाऊन सगळे बॉल उचलून आणत होती. चौथ्या वेळी मी उतरले आणि बॉल उचलून द्यायला लागले. तिने ते घेतले.

२२ जानेवारी, गुरुवार

खूण रद्द. तिसरी खूण नाही. दोनच राहिल्या.

पत्रात लिहिलंय की खेळाडू त्या वेळी सांगितलेल्या ठिकाणी होती, तिने घरी सूचना दिली होती, चूक घरच्यांची. 'हाउसहोल्ड मेंबर' असं लिहिलंय. म्हणजे मी, आणि थोडा गुरुदत्त. मयूराने पत्र मोठ्याने वाचलं आणि मला मिठी मारली. मी रडले. तीही रडली असेल, पण तिचा चेहरा माझ्या मागे होता.

मग लताताईला फोन केला. मी स्वतः. सगळं सांगितलं, देवासमोरचंही. ताईने शेवटपर्यंत ऐकून घेतलं. मग म्हणाली, "बाबा म्हणायचे ना, घरी नाही म्हणून सांग. किती वेळा सांगितलं गं आपण."

पण टीम गेली ती गेलीच. याला चांगलं झालं म्हणायचं का, ते मला ठरवता येत नाही.

३ फेब्रुवारी, मंगळवार

दौऱ्यावरच्या इंग्लंडच्या संघातल्या एका मुलीचा घोटा मुरगळला. काल दुपारी मयूराला फोन आला. बदली खेळाडू म्हणून. उद्या सकाळी विमान.

काल संध्याकाळी मी देवासमोर उभी राहिले. त्या मुलीचा घोटा बरा होऊ दे, एवढंच म्हटलं. मग घाबरून, लगेच नको, असंही म्हटलं. मला नक्की काय हवंय हे देवालाही कळलं नसेल.

जेवताना मी विचारलं, "उद्याचा पत्ता भरलास का?" ती हसली. "भरला, मावशी. परवाचापण." टोपी तिने प्लास्टिकच्या पिशवीतून काढून हातातल्या बॅगेत, वर ठेवली.

आज तिचा इथला शेवटचा दिवस, म्हणून गजर मी तिला लावू दिला नाही. मीच लावला होता, पावणेसहाचा. चष्मा लावून, चहा घेऊन सोफ्यावर बसले होते. सहा वाजून अकरा मिनिटांनी बेल वाजली.

तीच दोघं. बाईने मला ओळखलं. ती काही बोलायच्या आधी थोडी थांबली आणि मग तसंच विचारलं, मयूरा घरी आहे का.

"हो," मी म्हटलं. "आजच्या दिवस आहे."

जाळीचं दार उघडून त्यांना बसायला सांगितलं. मग वर गेले. तोंड उघडं, एक पाय पांघरुणाबाहेर. मी दारात थोडी उभी राहिले, आणि मग तिला उठवलं.